ठाण्यात सायबर कॅफे आल्यावर मुलांचं लैंगिक शिक्षण खरंच बदललं का?

बदललं, पण शिकण्यापेक्षा विचारणं जास्त बदललं: पेपरातल्या डॉक्टरांना पत्र पाठवून आठवडे थांबण्याऐवजी नौपाड्यातला मुलगा निनावी ईमेलवर प्रश्न टाकू शकत होता. घोडं अडलं फॉन्टपाशी. युनिकोड (सगळ्या कॉम्प्युटरांवर अक्षरं सारखीच दिसावीत अशी प्रमाणित पद्धत) रुळण्याआधी बहुतेक मराठी साइटींचा फॉन्ट वेगळा असे. तो मशीनवर नसला की पडद्यावर नुसती अगम्य चिन्हं. म्हणून मराठी माध्यमातल्या मुलांना चित्रं दिसली (तीही 56 केबीपीएसच्या मोडेमवर रखडत), स्पष्टीकरण मात्र इंग्रजीतच राहिलं. शाळेकडून भर पडली नाही, 2007मध्ये राज्याने शालेय लैंगिक शिक्षणच थांबवलं. अर्थात हे मुख्यतः मुलग्यांचं. बंद केबिनच्या कॅफेत मुली फारशा जात नसत. 2011च्या सायबर कॅफेंसाठीच्या नियमांनी ओळखपत्र सक्तीचं केलं, केबिनच्या आडोशाची उंची साडेचार फुटांवर आणली.