मिक्सरचं भांडं आतून धुता, खालून कधी बघता?

वाचकांचे प्रश्न

कोल्हापूर आणि आसपासच्या वाचकांनी मिक्सरच्या सफाईबद्दल विचारलेल्या प्रश्नांपैकी काही इथे घेतले आहेत. सगळ्याच उत्तरांना लागू पडणारी एक गोष्ट आधी सांगतो. मोटारीला, कपलरला (भांडं आणि मोटार जोडणाऱ्या दातेरी चकतीला) किंवा वर बसवलेल्या भांड्याला हात लावण्याआधी पिन सॉकेटमधून बाहेर काढा. बटण शून्यावर आहे एवढ्यावर विसंबू नका, कारण ओट्यावर काम करताना कोपराचा धक्कासुद्धा ते फिरवायला पुरतो.

प्रश्न: आमच्याकडे वर्षाची चटणी होते. मिरची डंकावर कुटून आणतो, पण कांदा, लसूण, खोबरं घरीच मिक्सरवर वाटतो आणि शेवटी चटणीही त्याच भांड्यात फिरवून घेतो. पुढे आठवडाभर भांड्याचा वास आणि तिखटपणा जात नाही. नातवाला केळ्याचा मिल्कशेक करून दिला तर तोही तिखट लागला. (राजारामपुरी)

उत्तर: मिरचीचा तिखटपणा पाण्यात विरघळत नाही, तेलात विरघळतो. त्यामुळे नुसत्या पाण्याने कितीही विसळलं तरी तो भांड्याला चिकटून राहतो. आधी एक चमचा खाद्यतेल कापडाच्या तुकड्याला लावून, तो लाकडी चमच्याच्या टोकाला गुंडाळा आणि भांड्याच्या कडा, झाकणाची आतली बाजू पुसून काढा. बोटं आत घालू नका. मग दोन मोठे चमचे कोरडे तांदूळ टाकून २० ते ३० सेकंद फिरवा आणि ते पीठ टाकून द्या. पात्याच्या मुळाशी अडकलेला तेलकट मसाला त्याच्याबरोबर निघतो. त्यानंतर अर्धं भांडं कोमट पाणी आणि भांड्याच्या साबणाचे दोन-तीन थेंब घालून, झाकण दाबून धरून चार-पाच वेळा थोडं थोडं फिरवा.

पाणी कोमटच हवं. उकळतं पाणी बंद भांड्यात फिरवलं की वाफ साठते, झाकण उडतं आणि तिखट वाफ थेट डोळ्यांत जाते. भाजलेला कांदा-खोबरं गरम असतानाच वाटायला घेतलं तरी हेच होतं, म्हणून ते पूर्ण गार होऊ द्या. कोरडी चटणी फिरवल्यावरही दोन-तीन मिनिटं थांबून मगच झाकण उघडा, म्हणजे उडालेली पूड खाली बसते.

एवढं करूनही वास राहिला तर तो बहुतेक वेळा झाकणाच्या रबरी रिंगमध्ये असतो. रिंग खाचेतून काढा. एक मोठा चमचा खाण्याच्या सोड्यात जेमतेम पाणी घालून लेप करा, तो रिंगला आणि खाचेला लावून २० मिनिटं ठेवा, दातांच्या जुन्या ब्रशने घासा आणि पूर्ण वाळवूनच रिंग परत बसवा. ओली बसवलेली रिंग काळी पडते, बुरशी धरते. पारदर्शक भांड्याला तारेची घासणी लावू नका, तिच्या ओरखड्यांत पुढचा मसाला जाऊन बसतो. आणि लहान चटणीचं भांडं तिखटासाठीच राखून ठेवलंत तर मिल्कशेकची काळजीच राहणार नाही.

प्रश्न: मोठ्या भांड्याखालून काळं पाणी येतं, ओट्यावर डाग पडतात. घासलं की दोन दिवस बरं असतं, पुन्हा तेच. (कसबा बावडा)

उत्तर: ही तक्रार सगळ्यात जास्त येते आणि ती घासून जाणारी नाही. भांड्याच्या तळातून पात्याचा दांडा खाली कपलरपर्यंत जातो. तो ज्या धातूच्या नळीत फिरतो तिला बुश म्हणतात. बुशात वंगण असतं आणि वरचं पाणी खाली उतरू नये म्हणून रबरी सील किंवा वायसर असतो. हे रबर कडक झालं किंवा बुश झिजला की वाटणातलं पाणी दांड्याजवळून खाली झिरपतं. जुनं वंगण आणि झिजलेल्या धातूची भुकटी त्यात मिसळून ते काळं होतं. हा काळेपणा वरही येतो. पांढऱ्या रश्शासाठी खोबरं-तीळ वाटल्यावर पात्याभोवती राखाडी कडं दिसलं तर ते वाटण टाकून द्या आणि दुरुस्ती होईपर्यंत भांडं बाजूला ठेवा.

तपासणी घरी करता येते. भांड्यात अर्धं पाणी घालून ते पांढऱ्या ताटलीत दहा मिनिटं ठेवा. ताटलीत थेंब दिसले तर सील गेलं. मग भांडं रिकामं करून, खालचा कपलर दोन बोटांत धरून आडवा हलवून बघा. दांडा डावी-उजवीकडे डुगडुगत असेल तर बुश झिजला आहे आणि नुसता वायसर बदलून भागणार नाही, पात्याचा दांडा आणि बुश असा सेटच बदलावा लागेल. दुरुस्तीवाल्याकडे मोटार न्यायची गरज नाही, भांडं पुरे. काम झाल्यावर ताटलीची परीक्षा त्याच्यासमोरच करून घ्या.

कपलर हाताने फिरतच नसेल तर आत पीठ वाळलेलं असतं किंवा गंज धरलेला असतो. तसंच मोटारीवर बसवून चालू केलंत तर कपलरचे दात तुटतात, मोटारही जळू शकते. भांड्यात कोमट पाणी घालून पंधरा मिनिटं ठेवा, हाताने सुटलं तरच वापरा.

आता हे होतं कशामुळे ते सांगतो, कारण त्यातलं बरंचसं आपल्या हातात आहे. रात्री भांडं सिंकमध्ये साबणाच्या पाण्यात बुडवून ठेवणं हे पहिलं कारण. साबण वंगणच धुऊन काढतो. दुसरं कारण कमी लक्षात येतं: धुतलेलं भांडं पालथं घालणं. पालथं घातलं की तळाची वाटी वर येते आणि कपलरभोवती पाणी साचून राहतं, तिथून ते बुशात उतरतं. भांडं धुतल्यावर झटकून आडवं ठेवा आणि खालचा भाग कोरड्या फडक्याने पुसा. इडली-डोशाचं पीठ, दूध, अंडं असं काही वाटलं असेल तर आधी गार पाण्याने विसळा. गरम पाणी पडलं की ते शिजून पात्याखाली घट्ट बसतं. बुशात शिलाई मशीनचं तेल सोडायचा सल्ला बरेच जण देतात. तो मानू नका, ते तेल वाटणात उतरतं.

प्रश्न: रस्सा मंडळासाठी वाटण काढताना मिक्सर मध्येच बंद पडला, जळका वास आला. आता चालूच होत नाही. (रंकाळा परिसर)

उत्तर: पिन काढा आणि मिक्सर उचलून तळ बघा. बहुतेक मिक्सरांना तिथे लाल बटण असतं. मोटारीवर ताण आला की ते बाहेर येऊन वीज तोडतं. किमान १५ मिनिटं थंड होऊ द्या, भांड्यातलं वाटण निम्मं करा, बटण आत दाबा आणि मग चालू करा. रिकाम्या भांड्यावरही ते लगेच पुन्हा सुटलं तर दोष आत आहे. ते दाबून धरून चालवायचा प्रयत्न करू नका.

घरगुती मिक्सर सलग चालवायला केलेला नसतो. पाच मिनिटं चालू, दोन मिनिटं बंद, असं मिळून अर्धा तास, हा त्याचा साधारण हिशेब. मंडळाच्या जेवणाचं वाटण ५०० वॉटच्या मिक्सरवर एका दमात काढणं त्याला झेपत नाही. सुकं खोबरं आधी कोरडंच बारीक करा आणि मग थोडं थोडं पाणी घाला. एकदम सगळं घातलं की खालचा गोळा पात्याला धरून बसतो आणि वरचं तसंच राहतं. कोरडं वाटताना भांडं निम्म्याच्या वर भरू नका, ओलं वाटताना दोन-तृतीयांशाच्या वर नको.

आवाज कमी यावा म्हणून मिक्सरखाली टॉवेल घालतात. तळाच्या जाळीतून मोटारीला हवा मिळते आणि टॉवेलने ती बंद होते. जाळी महिन्यातून एकदा कोरड्या ब्रशने झाडा. तिथे पीठ साठतं आणि त्या पिठाला झुरळं येतात. मोटारीचा वरचा भाग पिळलेल्या ओल्या फडक्याने पुसा, खाचांसाठी कापसाची काडी घ्या. नळाखाली तो कधीच धरू नका. नवीन मिक्सरला पहिल्या काही वेळा थोडा वास येतो, तो वाइंडिंगवरच्या, म्हणजे मोटारीतल्या तारेच्या गुंडाळीवरच्या व्हार्निशचा असतो. जुन्या मिक्सरला वास येऊन आत मोठ्या ठिणग्या दिसत असतील तर कार्बन ब्रश (मोटारीच्या फिरत्या भागाला वीज पोचवणारे कार्बनचे तुकडे) तपासून घ्यावे लागतील.

प्रश्न: खडेमीठ फिरवलं की पात्यांना धार येते का? (गडहिंग्लज)

उत्तर: नाही. मीठ पात्यावरचा थर खरवडून काढतं, म्हणून फरक पडल्यासारखा वाटतो. मिठाचा अंश राहिला तर स्टीलला बारीक खड्डे पडतात. तसं केलंच असेल तर लगेच धुऊन पुसा. मिक्सरचं पातं मुख्यतः वेगाच्या माऱ्याने बारीक करतं, सुरीसारखी धार त्याला लागत नाही. पातं वाकलं किंवा टोकं गोल झाली की बदला.

प्रश्न: पंचगंगेचं पाणी घरात आलं तेव्हा मिक्सर बुडाला होता. उन्हात वाळवून चालेल का? (शाहूपुरी)

उत्तर: २०१९ आणि २०२१ च्या पुरांनंतर अशी यंत्रं अनेक घरांत पुन्हा वापरात आली, म्हणून स्पष्ट सांगतो: वाळलेला दिसतो म्हणून पिन लावू नका. गाळ वाइंडिंगमध्ये आणि स्विचमध्ये बसतो आणि हवेतला दमटपणा धरून ठेवतो. बाहेरून कोरडा असला तरी शॉक लागू शकतो. दुरुस्तीवाल्याकडून तो उघडून, साफ करून, मेगरने (विजेची गळती तपासायच्या यंत्राने) इन्सुलेशन तपासून घ्या. तीन पिनांचा प्लग आणि घरातलं अर्थिंगही त्याच वेळी बघा. दुरुस्ती नव्याच्या निम्म्या किमतीवर जात असेल तर तो सोडून दिलेला बरा. स्टीलची भांडी साबणाने धुऊन वापरता येतील, पण पुराच्या पाण्यात सांडपाणी असतं, म्हणून झाकणाच्या रिंगा, सील आणि बुश नवे घाला.

प्रश्न: पात्याखालचं साफ करताना बोट कापतं. पातं काढावं का? (इचलकरंजी)

उत्तर: ज्या भांड्याचं पातं काढता येतं त्याचंच काढा, आणि तेही जाड रुमालात धरून. पात्यावरचा नट बहुतेक वेळा पातं ज्या दिशेला फिरतं त्याच दिशेला फिरवला की सुटतो. उलट जोर लावला तर तो आणखी आवळतो. न निघणाऱ्या पात्यासाठी बाटली घासायचा लांब दांड्याचा ब्रश घ्या आणि भांडं आडवं धरून पात्याच्या बाजूने आत घाला, वरून खाली दाबू नका. सुटं पातं साबणाच्या फेसाच्या भांड्यात सोडू नका. फेसाखाली ते दिसत नाही आणि पुढचा हात नेमका त्यावरच पडतो.