एफ ४१.१ लिहिण्याआधी
"जीव घाबरते जी, झोपच येत नाही" असं पेशंटकडून ऐकलं की लगेच केसपेपरवर एफ ४१.१ (आयसीडी-१० या आजारांच्या यादीतला सर्वसाधारण चिंताविकाराचा, म्हणजे जीएडीचा कोड) लिहू नको. आधी विचार, काळजी कशाची? फक्त बोंडअळी आणि सोसायटीच्या कर्जाची, तीही नुकसानीनंतरच सुरू झालेली असेल, तर एफ ४३.२ (जुळवून घेण्यातला विकार, ॲडजस्टमेंट डिसऑर्डर) बसतो का बघ. घर, पोरं, तब्येत, सगळ्याचीच काळजी, सहा महिने, बहुतेक दिवस, आवरता न येणारी. सोबत बेचैनी, थकवा, चिडचिड, लक्ष न लागणं, अंग आखडणं, झोपमोड यांतली किमान तीन लक्षणं, तेव्हा एफ ४१.१. जीएडी-७ या सात प्रश्नांच्या चिंतेच्या प्रश्नावलीत १० गुण आले म्हणून निदान होत नाही, ती नुसती चाळणी. हिमोग्लोबिन, टीएसएच (थायरॉइडची तपासणी) करून घे. दिवसाचे खर्रे (तंबाखू-सुपारीचं मिश्रण) किती, तेही विचार. चित्र अर्धवट असेल तर तूर्त एफ ४१.९ (चिंताविकार, प्रकार अनिश्चित). आणि केसपेपरवर कालावधी लिहीच. कोड अडतो तो तिथेच.