दुवा म्हणजे आशीर्वाद की प्रार्थना?

प्रश्न असा आलाय की आपण 'गोरगरिबांचा दुवा घ्या' म्हणतो म्हणजे आशीर्वादच ना, मग मुसलमान मैत्रीण 'तुझ्यासाठी दुआ करते' म्हणते ते कसं, आशीर्वाद 'करतात' का कुठे?

तर मुळात दोन्ही नाही. अरबीत दुआ म्हणजे हाक मारणं, बोलावणं. त्याच धातूतून दावत आली (जेवायला बोलावणं) आणि आपल्या कोर्टातला दावापण. मैत्रीण अल्लाला हाक मारून तुझ्यासाठी मागतेय, एवढंच. दारात येणारा फकीरही वरच्याकडेच मागत होता, पण ऐकणाऱ्याला वाटलं हाच आपल्याला काहीतरी देतोय, म्हणून मराठीत दुवा 'देतात' आणि तो 'लागतो', असा आपला माझा अंदाज. (साखळीतला दुवा वेगळा, त्याची गल्लत नको.)

नमाज म्हणजे दुवा नव्हे. नमाज दिवसातून 5 वेळा, ठरलेल्या पद्धतीने, अरबीत. दुवा कधीही, कुठेही, दोन्ही तळहात छातीसमोर ओंजळीसारखे धरून आपल्या घरच्या भाषेत मागायचं, शेवटी हात चेहऱ्यावरून फिरवायचे, झालं.

हाक या अर्थाची खरी मजा कुराणात आहे. लोक पैगंबरांना काही विचारतात तिथे उत्तर बहुतेकदा 'त्यांना सांग' असं सुरू होतं, पण 2:186 मध्ये (दुसरा अध्याय, 186वी आयत म्हणजे वचन) अल्ला म्हणतो, 'माझे बंदे माझ्याबद्दल विचारतील तेव्हा मी जवळच आहे, हाक मारणाऱ्याला मी ओ देतो' आणि तिथे ते 'सांग' गायब! निरोप्यालाही बाजूला केलं की. फातिहातही (कुराणाचा पहिला अध्याय) आधी अल्लाबद्दल तृतीय पुरुषात बोलणं चाललेलं असतं आणि पाचव्या आयतीत एकदम 'तू' येतो, 'इय्याक नअबुदू', तुझीच भक्ती करतो. आपला 'च' जे काम करतो ते तिथे, अरबीत एरवी नंतर येणारं कर्म क्रियापदाच्या आधी आणून केलंय. आणि अरेतुरेचं म्हणाल तर आपण तरी विठोबाला अहो कुठे म्हणतो.

जाता जाता, वशिला हाही इथलाच शब्द. अरबी वसीला म्हणजे जवळ जायचं साधन. पीर-पैगंबरांचा वसीला धरून मागावं की नाही यावर मुसलमानांत जुना वाद आहे, पण देणारा अल्लाच यावर दोन्ही बाजू ठाम. मराठीत मात्र हा शब्द थेट कचेरीत घुसला आणि वशिल्याचं तट्टू होऊन बसला.