मेंढ्यांची पावती आणि मदिनेचा करार

प्रश्न : पैगंबरांचे पहिले चरित्र त्यांच्यामागे शंभराहून अधिक वर्षांनी लिहिले गेले, असे वाचले. मग श्रद्धा बाजूला ठेवून इतिहास लिहिणारे कशावर भरवसा ठेवतात? मुहंमद होऊन गेले, हे तरी त्यांना मान्य आहे का?

उत्तर : बहुतेक सगळ्यांना मान्य आहे. १९७७ मध्ये पॅट्रिशिया क्रोन आणि मायकेल कुक या इतिहासकारांनी मुस्लिम परंपरा बाजूला सारून बाहेरच्यांच्या नोंदींवरून इतिहास मांडून पाहिला, तेव्हा मोठा गदारोळ झाला. त्यांचे बरेच निष्कर्ष पुढे टिकले नाहीत. मुहंमद होऊन गेले याविषयी मात्र क्रोन यांनाही शंका नव्हती. पण ‘आधी त्या काळातला पुरावा दाखवा’ हा त्यांचा आग्रह मला आजही रास्त वाटतो.

आणि असा पुरावा आहे! पैगंबरांचे निधन ६३२ चे. ६४० च्या सुमारास एका सीरियन ख्रिस्ती धर्मगुरूने गाझाजवळच्या ६३४ च्या लढाईची नोंद केली, तीत ‘मुहंमदाचे अरब’ असा स्पष्ट उल्लेख आहे. ६४३ चा इजिप्तमधला एक पपायरस (लव्हाळ्यापासून केलेला कागद) व्हिएन्नात जपून ठेवला आहे. अरब सरदाराने फौजेसाठी घेतलेल्या ६५ मेंढ्यांची ती पावती, वर ग्रीक, खाली अरबी. अरबी मजकुराची सुरुवात ‘बिस्मिल्लाह’ने होते आणि साल दिले आहे बावीस. पैगंबरांच्या मक्केहून मदिनेला स्थलांतरापासून, म्हणजे ६२२ पासून, मोजली जाणारी हिजरी कालगणना तेव्हा सरकारी व्यवहारात रुळली होती, याला याहून चांगला साक्षीदार कुठून आणायचा? पावती लिहिणाऱ्याला कुणाला काही पटवून द्यायचे नव्हते, मेंढ्यांचा हिशेब तेवढा चोख ठेवायचा होता. सौदी अरेबियात अल-उलाजवळच्या खडकावर झुहैर नावाच्या माणसाने कोरले आहे : उमर (दुसरे खलिफा) वारले तेव्हा मी हे लिहिले, साल चोवीस.

म्हणून इब्न इसहाकने लिहिलेले ते पहिले चरित्र रद्दीत काढायचे का? मुळीच नाही. तो ७६७ च्या सुमारास वारला, त्याचा ग्रंथ आपल्याला मुख्यतः नंतरच्या इब्न हिशामने संपादित केलेल्या रूपात मिळतो, हे ध्यानात ठेवून वाचावे. त्यात मदिनेचा करार, म्हणजे पैगंबरांनी मदिनेतल्या टोळ्यांशी केलेला करार, दिला आहे. या करारात यहुदी टोळ्यांना मोमिनांच्या (पैगंबरांवर श्रद्धा ठेवणाऱ्यांच्या) बरोबरीने एकाच समुदायात धरले आहे. पुढच्या काळात, दोन्ही धर्मांच्या वाटा वेगळ्या झाल्यावर, असा मजकूर कुणी मुद्दाम रचला नसता. त्यामुळे परंपरेकडे संशयाने पाहणारे अभ्यासकही हा करार अस्सल आणि जुना मानतात.