घनाचे कोपरे पडद्यावर नेमके कुठे काढायचे?

तुमची अडचण अशी की संगणकावर त्रिमितीय घन काढताना झेड (म्हणजे कोपरा किती खोल, किती लांब आहे तो आकडा) सोडून दिला तर घनाचा नुसता चौकोन दिसतो, आणि झेडने भागलं तर कॅमेरा जवळ नेल्यावर चित्र उलटंपालटं होतं.

झेडने भागणं बरोबरच आहे. दहावीचे समरूप त्रिकोण आठवा: डोळ्यासमोर काच धरली आहे आणि वस्तू काचेपलीकडे. मग काचेवरची उंची = काचेचं अंतर × वाय ÷ झेड. एक्सचंही तसंच. झेड मात्र कॅमेऱ्यापासून, त्याच्या नजरेच्या दिशेने मोजलेला हवा; म्हणून कोपरे सरकवणं, फिरवणं हे सगळं भागाकाराआधी उरका.

काचेचं अंतर अंदाजाने टाकू नका. पडदा ८००×६०० पिक्सेल आणि आडवा दृश्यकोन (डावीकडून उजवीकडे कॅमेऱ्याला दिसणारा कोन) ६० अंश असेल, तर ते निम्मी रुंदी ÷ निम्म्या कोनाचा टॅन, म्हणजे ४०० ÷ टॅन ३०, म्हणजे सुमारे ६९३ पिक्सेल. आता (१, १, ४) हा पुढचा कोपरा घ्या: ६९३ ÷ ४ = १७३. पडद्याचा मध्य (४००, ३००), म्हणून तो ४०० + १७३ = ५७३ आणि ३०० − १७३ = १२७ इथे पडतो. वजाबाकी अशासाठी की पडद्याचा वाय वरून खाली वाढतो. त्याच्याच मागचा (१, १, ६) जातो ५१५, १८५ च्या आसपास, मध्याकडे सरकून. खोली दिसते ती या सरकण्यामुळेच.

उलटं चित्र येतं ते कॅमेऱ्यामागच्या कोपऱ्यांमुळे. तिथे झेड ऋण, त्यामुळे डावं उजवीकडे आणि वरचं खाली जातं. झेड शून्य झाला तर भागाकारच होत नाही. तसला कोपरा नुसता गाळलात तर त्याला जोडलेली अख्खी कड गायब होईल. त्याऐवजी कड झेड = ०.१ पाशी कापा आणि कापलेलं टोक वापरा. हेही भागाकाराआधीच. बहुतेकांचं इथेच चुकतं.

पुढे पृष्ठांवर चित्र चिकटवाल तेव्हा त्या चित्राचे निर्देशांक (पृष्ठाच्या कोपऱ्यावर चित्रातला कुठला बिंदू येतो ते आकडे) पडद्यावर कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत समान टप्प्यांनी वाटून देऊ नका, फरशीच्या रेघा वाकड्या होतात. पहिल्या प्लेस्टेशनच्या खेळांत जमिनी हलताना दिसायच्या, त्यामागे हे एक मोठं कारण. त्याऐवजी निर्देशांक ÷ झेड आणि १ ÷ झेड हे समान टप्प्यांनी वाटा, मग प्रत्येक पिक्सेलला पहिल्याला दुसऱ्याने भागा.

घनाऐवजी चेंडू काढलात आणि पडद्याच्या बाजूला तो लांबट दिसला तर गणित तपासत बसू नका. हे चित्र एकाच जागेवरून खरं दिसतं: पडदा ३० सेंमी रुंद असेल तर डोळा मधोमध, २६ सेंमीवर. तिथून बघा, चेंडू गोल दिसेल.