सम्राट अशोकावरची मालिका पाहून इतिहास कळतो का?

‘चक्रवर्तिन अशोक सम्राट’ एवढी लांबलचक मालिका बघायला घ्यावी का आणि त्यातून खरा अशोक कळेल का, असं तुम्ही विचारलंय. २०१५-१६ मध्ये ती कलर्सवर लागायची तेव्हा मी बाबांबरोबर जवळजवळ रोज पाहिली. जरूर बघा, पण इतिहास म्हणून नको.

समीर धर्माधिकारींचा बिंदुसार आणि पल्लवी सुभाषची धर्मा, या दोघांसाठी तर बघाच. नवरा सम्राट असूनही ओळख लपवून मुलाला वाढवणारी ती आई आमच्या घरात सगळ्यांना आपली वाटली होती. बालपण मात्र फार ताणलंय. कट, विषप्रयोग, पुन्हा कट. तिथे खुशाल भाग गाळा.

चाणक्याने छोट्या अशोकाला घडवलं, याला काहीही पुरावा नाही. भावांमधलं वैर जुन्या कथांतून आलंय. श्रीलंकेतल्या जुन्या बौद्ध ग्रंथांत तर अशोकाने ९९ भाऊ मारल्याचं म्हटलंय. पण अशोकाच्या स्वतःच्या पाचव्या शिलालेखात भावाबहिणींच्या अंतःपुरांतही धम्ममहामात्र, म्हणजे धम्माचं काम पाहणारे त्याचे अधिकारी, काम करतात, असा उल्लेख आहे. म्हणजे सगळे भाऊ काही मारले गेले नव्हते.

कलिंगाचं युद्ध बघाल तेव्हा तेरावा शिलालेख शोधून वाचा. दीड लाख माणसं पकडून नेली, एक लाख मारली गेली आणि त्याच्या कितीतरी पट मेली, हे जिंकणारा राजा स्वतः सांगतो. मेलेल्यांवरच तो थांबत नाही. जे वाचले, त्यांना आपल्या माणसांचं दुःख पाहावं लागलं, हेही त्याला सलतं. आणि हाच लेख खुद्द कलिंगात, म्हणजे आजच्या ओडिशातल्या धौली आणि जौगडला, कोरलेला नाही. तिथे वेगळे लेख आहेत, ‘सगळी माणसं माझी लेकरं’ असं सांगणारे. ज्यांची घरं उजाडली त्यांच्यासमोर ते आकडे ठेवायला त्याचं मन धजलं नसावं, असं मला वाटतं. कुठल्याही प्रसंगापेक्षा मला ही गाळलेली जागा जास्त हलवून गेली.

जमलं तर मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात सोपाऱ्याचा, म्हणजे आजच्या नालासोपाऱ्याजवळ सापडलेला दगड बघा. आठव्या शिलालेखाचा तुटका तुकडा आहे. शिकारीच्या सहली सोडून धम्मयात्रा सुरू केल्याचं सांगणारा हा लेख. बाबा त्या ब्राह्मी अक्षरांसमोर बराच वेळ उभे राहिले आणि मग हळूच म्हणाले, “हे त्याने स्वतः सांगितलेलं.”