माया सोडून शिवायला सांग

प्रिय मावशी,

मी सेलूची, जिल्हा परभणी. वय 27, पतसंस्थेत नोकरी करते. लग्न वैशाखात, मे महिन्याच्या दुसऱ्या आठवड्यात आहे. बाकीचा बस्ता परभणीत झाला, माझा लग्नातला पोशाख तेवढा राहिलाय. दोन महिन्यांत परभणी, जालना, संभाजीनगर मिळून सहा दुकानं नि बुटीक पालथी घातली. मोबाइलमध्ये तक्ताच केलाय: किंमत, कापड, ट्रायल किती, डिलिव्हरी कधी, शिलाई धरून की वेगळी, माणसं कशी बोलतात. आता दोन उरलीत. एक संभाजीनगरच्या बुटीकमधला मरून घागरा, 42 हजार, 5 हजार अ‍ॅडव्हान्स दिलाय. दुसरी पैठणच्या एका विणकराकडची मोरपंखी पैठणी, 35 हजार, ब्लाउज आपलं आपण शिवायचं. घागरा मला आवडलाय, पैठणी बाबांना.

सगळं सुरळीत होतं, पण वहिनीनं बुटीकमध्ये उगाच वाद घातला. तिथल्या मॅडमनी कंबर आणि छाती दोन-दोन इंच कमी लिहिली. लग्नापर्यंत सगळ्याच मुली उतरतात, आमची पद्धतच आहे म्हणाल्या. त्यावरून वहिनी चारचौघांत बोलली, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आई बिचारी कुणाला दुखवत नाही. तुला आवडेल ते घे म्हणते, थोडी उतरलीस तर चेहरा खुलेल म्हणते. रात्रीचं जेवण मी महिन्यापासून बंद केलंय, ते जमतंय. दुपारी जरा गरगरतं, पण ऊनच तसं आहे.

दोन्हींत काय घेऊ? आणि पुढच्या ट्रायलला वहिनीनं येऊ नये म्हणून तिला काय सांगू?

— स., सेलू

*

स.,

तुझ्या तक्त्याचे रकाने मी दोनदा वाचले. किंमत आहे, कापड आहे, माणसं कशी बोलतात तेही आहे. तुझं माप कुणी जसं आहे तसं लिहून घेतलं, हा रकाना त्यात नाही. सहा दुकानं फिरून आलीस नि ज्या अंगावर हे सगळं चढायचंय ते अंग हिशेबातून राहून गेलं.

तुला वाटलं तू मला घागरा की पैठणी विचारलंस. मी मात्र त्या दोन इंचांशीच अडकून बसलेय. महिन्याभरापासून रात्री उपाशी झोपतेस आणि ते मला एका ओळीत सांगून पुढे जातेस, वर ‘जमतंय’ म्हणतेस. पोरी, उपाशी राहणं जमायची गोष्ट आहे का? घरोघरी तुझं केळवण चालू असेल. आमच्याकडची म्हातारी माणसं त्याला गडगनेर म्हणायची. मावशी, आत्या, शेजारच्या काकू, ज्या घरातून मुलगी जाणार त्या घराभोवतीची सगळी माणसं तिला बोलावून बोलावून जेवू घालतात. आणि त्या पाटावर बसून तू दोन घास चिवडून उठत असशील, कारण वहीत 32 च्या जागी कुणीतरी 30 लिहिलंय. आकडे मी अंदाजाने लिहिले, पण तुझे जे असतील ते असेच असणार.

शिवणकामातली एक गोष्ट तुला सांगते, कारण तुझ्या तक्त्यातल्या सगळ्या गोष्टींपेक्षा तिला वजन जास्त आहे. शिलाईच्या आत जे जास्तीचं कापड ठेवतात, पुढे उसवून वाढवता यावं म्हणून, त्याला आपल्याकडे माया म्हणतात. ‘बाजूला इंचभर माया सोडा,’ असं आपण शिंप्याला सांगतो. सैल कपडा घट्ट करायला अर्धा तास पुरतो, आतून एक टीप मारली की काम झालं. घट्ट कपडा सैल करायला आत कापड असावं लागतं, आणि ते कापून टाकलेलं असलं तर कुठून आणायचं? त्यातून घागऱ्याच्या चोळीवर जरदोसीचं काम. ते काम अगदी शिलाईपर्यंत आलेलं असलं, तर उसवल्यावर सुईची भोकं आणि मधेच उघडी पट्टी दिसते. कितीही चांगला कारागीर असो, लग्नाच्या आदल्या दिवशी तो ते झाकू शकत नाही. म्हणून चांगला शिंपी माप कधी कमी लिहीत नाही. आहे तेवढं लिहितो आणि वर माया सोडतो. तुझ्या मॅडमनी नेमकं उलटं केलंय.

माझ्या शालूवरचं ब्लाउज अजून ट्रंकेत आहे. 1987 चं. अंबाजोगाईच्या एका शिंपीमामांनी शिवलेलं. परवा तुझं पत्र वाचल्यावर काढून उलटं करून पाहिलं. दोन्ही बाजूंना टाक्यांच्या तीन-तीन रेषा आहेत. पहिली लग्नातली. दुसरी थोरलीच्या बाळंतपणानंतर उसवून घेतलेली, तिसरी धाकट्यानंतरची. बाहेरचा जांभळा रंग काखेपाशी घामानं विटलाय, पण उसवल्यावर आतून जी अर्ध्या बोटाची पट्टी बाहेर आली ती अजून कोरी करकरीत दिसते. मामांनी माप घेताना मला एकदाही बारीक हो म्हटलं नव्हतं. टेप गुंडाळत माझ्या आईला एवढंच म्हणाले होते, ‘दीड इंच माया ठेवली बाई, पोरीला पुढं लागंल.’

आता तुझ्या आईबद्दल. तू तिला ‘बिचारी’ लिहिलंस. मला तिचा कळवळा येत नाही. लेकीचं ताट महिनाभर रात्री रिकामं राहतंय हे ज्या स्वयंपाकघरात रोज दिसतं, त्या स्वयंपाकघराची मालकीण ‘चेहरा खुलेल’ म्हणते, तेव्हा ती कुणाला दुखवत नाही असं कसं म्हणतेस? तुला दुखवते आहे. हे मी तिला दुरून सुनावत नाही. हेच शब्द मी माझ्या लेकीला सांगितलेत.

तिच्या लग्नाला आता दहा वर्षं झाली. एका दुकानात तिचं ब्लाउज असंच ‘होशील गं तेवढी’ म्हणून कमी मापाचं कापलं, आणि मी शेजारी उभी राहून मान डोलावली. ट्रायलला मुंढ्यात काचत होतं. मी म्हटलं, अंगावर बसलं की सैल होतं. अक्षता पडल्या, तोवर ठीक होतं. जेवणाच्या पंगतीत नवऱ्याला घास भरवायची वेळ आली, उखाणा घेऊन झाला, सगळे टाळ्या वाजवायला तयार, आणि तिचा हात वरच जाईना. ती माझ्या कानाशी वाकून म्हणाली, ‘आई, मागचे दोन हूक काढ, मला श्वास घेता येईना.’ मी पदराआडून हूक काढले, सेफ्टी पिन लावली, आणि तिच्या पाठीवर हुकांचे लाल वळ उमटलेले पाहिले. दिवसभर तिनं फक्त ताक घेतलं होतं. जेवणाचं ताट मांडलेलं तसंच उचललं गेलं. ते वळ मी विसरले नाही. तुझ्या आईला हे पत्र वाचायला दे.

गरगरण्याचं ऊन-बिन नंतर बघू. परभणीचा पारा मे महिन्यात 42-43 ला टेकतो हे मला कुणी सांगायला नको, पण ऊन सगळ्या पतसंस्थेला लागतंय आणि गरगरतंय तुला एकटीला. 2019-21 च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत आपल्या राज्यातल्या 15 ते 49 वयाच्या निम्म्याहून जास्त बायकांच्या अंगात रक्त कमी आढळलं होतं. त्यात तू रात्रीची भाकरी बंद केलीस. सरकारी दवाखान्यात जाऊन हिमोग्लोबिन तपासून घे, या आठवड्यातच. आणि आज रात्री जेव. ज्वारीची भाकरी, वरण, शेंगदाण्याची चटणी, घरात जे शिजलं असेल ते, पोटभर.

तू जे विचारलंस त्याचंही सांगते, थोडक्यात. पैठणी हातमागावरची आहे ना, हे पदर उलटा करून बघ. हातमागावर काठ-पदराची नक्षी रंगीत धागे एकमेकांत गुंतवून विणतात, त्यामुळे मोर मागूनही पुढच्यासारखाच स्वच्छ दिसतो. मागे धाग्यांचं जाळं लोंबत असेल किंवा कापलेली टोकं असतील, तर ती बहुधा यंत्रमागावरची, मग 35 हजार देऊ नकोस. रेशमाची खात्री हवी तर सिल्क मार्कचं लेबल माग. पैठणीला 2010 पासून भौगोलिक मानांकनही आहे. मागावर नवी घालायला आता वेळ उरलेला नाही. भरगच्च पदर विणायला महिने जातात, तेव्हा विणकराकडे तयार असेल तीच बघ. आणि एक साधी गोष्ट: साडी कंबरेचं माप विचारत नाही. साडेपाच मीटर कापड आहे, तू जशी आहेस तशी ते तुला गुंडाळून घेतं. माझा ओढा तिकडे आहे, मी लपवत नाही. पण घागरा तुला आवडलाय, लग्न तुझं आहे, आणि माझ्या किंवा तुझ्या बाबांच्या आवडीसाठी तू पैठणी नेसावीस असं मला अजिबात वाटत नाही.

म्हणून तुला एकच काम सांगते. येत्या शनिवारी सकाळची गाडी धर, संभाजीनगरला जा आणि त्या मॅडमना म्हण, माप परत घ्या. पोटभर नाश्ता करून जा. श्वास आत ओढून उभी राहू नकोस. टेपवर जो आकडा येईल तो तुझ्यासमोर वहीत लिहायचा, जुना खोडायचा, आणि चोळीला दोन्ही बाजूंनी दीड इंच माया. घागऱ्याच्या कमरेला चेनबरोबर नाडीही लावायला सांग. ‘आमची पद्धत’ असं त्या पुन्हा म्हणतील. कमी मापाचा फायदा त्यांनाच असतो हे तेव्हा लक्षात ठेव. ट्रायलला चोळी बसली नाही तर दोष त्यांच्या कात्रीचा ठरत नाही, तुझ्या जेवणाचा ठरतो, आणि बाहेर पडताना तू त्यांना सॉरी म्हणतेस. नुसत्या कार्डावर मापं लिहून घेतली असतील तर 5 हजारांचं रीतसर बिलही माग. बिल न देणं ही 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्यात अनुचित व्यापारी प्रथा आहे, आणि तक्रारीला 1915 हा राष्ट्रीय हेल्पलाइनचा नंबर आहे. खरं माप लिहायला त्या नाहीच म्हणाल्या, तर उठ. पैसे परत मिळोत न मिळोत, उठून ये आणि तिथून तशीच पैठणची गाडी धर, पन्नास किलोमीटर तर आहे.

आणि वहिनीला काय सांगू, हे विचारलंस. त्या दुकानात इतकी माणसं होती. मॅडम होत्या, आई होती, तू होतीस. ‘हिचं माप कमी का लिहिताय?’ हे एकटीनं विचारलं, आणि तुला तिचीच लाज वाटली. तिला सांग, ‘वहिनी, शनिवारी मोकळी आहेस का? मापाच्या वेळी तू टेप बघ.’